हिराच्या दारात सतरा दिवस

मंगळ., १७ फेब्रु.
शोभे, ही वही पुढं वाचणार तूच, आणि तू तर कुकर लावून शिट्टी झाली की "कोण आलं?" विचारणारी. म्हणून मागचं सगळं पुन्हा लिही. मी सांगते, तू लिही. सून होतीस, आता माझा उजवा हात झालीस, पगार नाही.
तर गेल्या उन्हाळ्यात न्हाणीच्या पाण्यावरून माझ्या धाकट्या जावेशी, हिराशी, भांडण. तुझ्या नवऱ्यानं, म्हणजे माझ्या राम्यानं, फावडं उगारलं. ते हिराला लागलं. दंडाला सात टाके. पोलिसांत तिनं तीन नावं दिली: राम्या, मी आणि तुझी लेक पूजा. पूजा नुसती बादली घेऊन उभी होती. आता तीच पूजा पोलीस भरतीत लागली आणि केस मिटल्याशिवाय तिला हजर करून घेत नाहीत. मुदत या महिन्याची. एवढं विसरलीस तर रात्रीचं जेवण नाही.
आता आजची खबर! हिरा "मिटवू" म्हणाली! रोज सकाळी जाऊन तिच्या दारात बसत होते, उंबऱ्याबाहेर. ती झाडायची, धूळ माझ्या अंगावर. आज मी म्हटलं, "डाव्या कोपऱ्याला राहिली बघ जरा." तिला हसू फुटलं. सतरावा दिवस. राम्यानं जाऊन तिच्या पायावर डोकं ठेवलं. नऊ महिने उशिरा, पण ठेवलं.

शुक्र., २० फेब्रु.
हिराला घेऊन राहुरीला वकिलाकडे. मी म्हटलं, आमचं मिटलं, फाडा आता कागद.
"आजी, फावड्याचं कलम इथल्या कोर्टात मिटत नाही. हायकोर्टात जावं लागेल, औरंगाबादला. जजसाहेब हिराबाईंना समोर उभं करून विचारतील."
हायकोर्ट! मी आजवर शिर्डीच्या पलीकडे...
कागद वाचून दाखवले. हिरानं सही केली. साक्षरतेच्या वर्गात शिकलीय, ते सगळ्यांना दिसावं म्हणून इतकी सावकाश की "हि" वाळला तरी "रा" यायचा होता. मी अंगठा टेकवून मोकळी.
ती म्हणाली, "अक्का, तुजं बरं हाय. डाग लावला की झालं."
लई हसलो दोघी. वकील बघत बसले, ह्याच का त्या.

मंगळ., २४ फेब्रु.
पहाटे निघालो, भाड्याची जीप. खिडकी हिराला दिली. नेवासा फाट्याला वडापाव, तिनं माझी मिरची पण खाल्ली. मी सारखी बोलत सुटलेली.
कोर्ट म्हणजे काय थंडगार! वर दोन जज. आमचा पुकारा झाला तशी मी सगळ्यांच्या आधी उठले, हौसेनं.
एका जजनं हिराला मराठीत विचारलं, "आजी, केस मिटवताय. कुणी जबरदस्ती केली का?"
हिरानं पदर सारखा केला. "केली की. ह्या आमच्या अक्कानं. सतरा दिस दारात बसली. मला भाईर पडायचं म्हटलं तरी हिला वलांडून."
वकिलांच्या हातातला कागद खाली.
"म्हणजे तुम्हाला मिटवायचं नाही?"
"तसं कुटं म्हनले? तुमी जबरदस्तीचं इचारलं, त्ये सांगितलं."
जज एकमेकांशी बोलले. हुकूम असा: शुक्रवारी हिरानं एकटीनं कोर्टातल्या अधिकाऱ्यापुढं यायचं, मनातलं सांगायचं, आमच्यातलं कुणी जवळ नको. मग ठरेल.
येताना ती मागच्या सीटवर बसली. खिडकी रिकामी.

बुध., २५ फेब्रु.
वकिलांची ताकीद: हिराच्या दारात पाऊल टाकायचं नाही, शब्द काढायचा नाही.
राम्या चिडलाय. म्हणे काकीनं घात केला. मी म्हटलं, गप. ती खोटं काय बोलली?
आपल्यात रुसलेल्याच्या दारात जाऊन बसतात, ते उठवीपर्यंत. मी त्याला विनवणी म्हणत होते. पण टाके तिच्या दंडाला आणि वाट अडवून बसले मी. तिला "नको" म्हणायला जागा तरी कुठं...
हे लिहू नको. बरं, लिही.
पूजानं आज पण पहाटे पळायचा सराव केला आणि बूट धुऊन उन्हात ठेवले. मला तर जत्रेच्या पाळण्यात वर गेल्यागत होतंय, भीती पण आणि उतरावंसं पण वाटत नाही.

गुरु., २६ फेब्रु.
भिंतीपलीकडं हिरा खोकतेय. कोर्टाच्या गारव्यानं. उद्या एकटी जाणार, तिच्या पोराच्या, बाळूच्या गाडीवरून. पूजा म्हणाली, "आजी, ती काय सांगंल?" म्हटलं, तिचं तिला ठाऊक. इतकी वर्षं एका चुलीवर रांधलं, पण तिच्या मनात काय ते विचारायला सरकारला माणूस नेमावा लागला, बघ.
शोभे, वही मिट आणि ऊठ. खोकल्याला हुलग्याचं माडगं कर पातळसं, लसूण जास्त, मिरची नावाला. सोबत बाजरीची भाकरी. गोड काही नको, लाच दिसंल. हिराच्या हातात दे, केसचं बोलू नको, दारात टेकू नको, सरळ माघारी ये. आणि उद्या ती काही का सांगून येईना, परवा पिठलं पाठवायचं.