त्या जगातही उशीरच

घाटनांदूर, २ डिसेंबर १९९६, सोमवार
लिहिण्याची हौस मला नाही. समकालक यंत्राच्या वॉरंटीची अट आहे की रोज नोंद ठेवावी, म्हणून लिहीत आहे. वही कोणी बघत नाही, असे टेक्निशियन त्रिंबक म्हणाला. अट ती अट.

आधी केबल आली, मग एस.टी.डी. बूथ, आता हे. आपल्या जगाला लागून दुसरी जगे आहेत. त्यांचा वेळ आपल्यापासून सरकलेला असतो, यंत्र तो जुळवते. दोन्हीकडची माणसे एकाच क्षणी यंत्रापाशी बसली की हिरवा दिवा लागतो आणि बोलता येते. मी बी.एस्सी. आहे, मला लगेच समजले. नणंद दानम्माने विचारले, “वैनी, यात सिरेल दिसतंय का?”

माझे काम व्यावहारिक आहे. आमचे हे दोन वर्षांपूर्वी गेले. किराणा दुकानातल्या आतल्या कपाटाची किल्ली कुठे ठेवली ते सांगून गेले नाहीत. शेजारच्या जगात ते आहेत. विचारायचे आणि यंत्र बंद करायचे.

३ डिसेंबर
हेड ऑफिसमार्फत तिकडचा निरोप आला. त्रिंबक मान खाली घालून म्हणाला, “बाई, तिकडं बसप्पा मालक हायेत, पण तुमी न्हाईत. तुमी गेलात.”

कामे अर्धवट टाकून जाणे माझ्या स्वभावात नाही. तिकडच्या बाईत शिस्त कमी असावी.

वेळ ठरली: सोमवारी आणि गुरुवारी, सकाळी आठ. त्रिंबक म्हणाला घड्याळ रेडिओवर लावून घ्या. मी नकार दिला. भिंतीवरचे घड्याळ मीच लावलेले आहे, तिकडेही त्याच खिळ्याला तेच घड्याळ असणार. दोन्हीकडे लावणारी मीच, मग फरक कुठून येणार?

५ डिसेंबर, गुरुवार
आठच्या आधीच बसले. इरकल नेसले, कारण बाकीची लुगडी धुवायला होती.

आठचे ठोके पडले. दिवा नाही. मुख्याध्यापिका असताना घंटा झाली की मी शाळेचे फाटक बंद करायचे, मग सरपंचाची मुलगी का असेना. यंत्र बंद केले.

बायको गेली तरी माणूस सुधारला नाही.

९ डिसेंबर, सोमवार
पुन्हा तेच. (लुगडी पुन्हा धुवायला होती.) दानम्मा म्हणाली, “ऱ्हाऊ द्या की जरा चालू. येईल दादा.” मी म्हणाले, जन्मभर जेवणाची ताटे झाकून वाट पाहिली, आता पाहणार नाही. दानम्मा म्हणाली, “आता तर लईच पाहायलात.”

यंत्रात दोष असावा. नोंद केली.

११ डिसेंबर
दानम्मा मेथी निवडत होती. मान वर न करता म्हणाली, “घड्याळ तुमीच पुढं लावून ठिवलंय की, वैनी. दादानं वेळंवर यावं म्हनून. त्याला म्हाईत व्हतं. तेवढं वजा करूनच यायचा घरी.”

कोणाकोणाला माहीत होते, विचारले.

“समद्या बाजाराला. गिऱ्हाईक बी म्हनायचं, मालक, बाईच्या घड्याळानं जेवायची वेळ झाली, पर खरी व्हायचीय, अजून एक पुडी बांधा.”

म्हणजे हे जन्मभर वेळेवर येत होते, असा अर्थ कोणी काढू नये.

तिकडेही घड्याळ पुढेच असणार आणि हे वजा करूनच बसत असणार. ठरवले: यापुढे आठनंतरही यंत्र चालू ठेवायचे. शिस्त सोडली असे नाही. प्रयोगाची गरज आहे.

१२ डिसेंबर, गुरुवार
पहाटेपासून लोडशेडिंग. बॅटरीही उतरलेली. दुपारी वीज आल्यावर ती चार्जिंगला लावली.

१३ डिसेंबर
त्रिंबक आला. कंपनी बुडाली. हेड ऑफिसचा फोन लागत नाही. बीडचा एजंट आता डिश अँटेना विकतो. सगळी यंत्रे परत न्यायची आहेत. “बाई, सोमवारी टेम्पो घिऊन कव्हा येऊ?”

मी म्हणाले, आठला. आमच्या घड्याळाने. उशीर चालणार नाही.

तोंडातून गेले. सवय आहे.

१५ डिसेंबर, रविवार
सकाळी स्टुलावर चढून घड्याळ रेडिओप्रमाणे मागे लावायला गेले. हात तसाच राहिला. इकडचे मागे घेतले तर तिकडच्याशी जुळणार नाही. कारण शास्त्रीय आहे.

“मग त्रिंबकला तरी जरा थांबा म्हना,” दानम्मा म्हणाली.

उद्या सांगेन. नक्की.

१६ डिसेंबर, सोमवार
त्रिंबक वेळेआधीच आला. दारात उभा राहिला. म्हणाला, “तुमी शाळंत असताना माझ्या बहिनीला उशीर झाला म्हनून घरी लावून दिलं व्हतं तुमी. म्हनून लवकर निघालो.”

अशा माणसाला थांबा कसे म्हणणार?

आठचे ठोके पडले. यंत्र मीच बंद केले. प्लगही मीच काढला. त्रिंबकने ते टेम्पोत चढवले. टेम्पो वळणाला लागला तेव्हा दानम्मा ओट्यावरून ओरडली, “वैनी, हिरवा! हिरवा लागलाय बगा! ए त्रिंबक, थांब की रं!” त्रिंबकने वळून पाहिले आणि हात हलवला. बटन हिंदकळून दाबले गेले असेल, बॅटरीत चार्ज होताच.

मी आत येऊन घड्याळ पाहिले. पुढची मिनिटे वजा केली की आठच. यांची वजाबाकी बरोबर होती.

सुपूर्द केले: समकालक यंत्र एक, चालू स्थितीत. बॅटरी, वायर, कंपनीची पाटी. यंत्राच्या कुलपाची किल्ली. ती माझ्या जुडग्यातून काढताना दुकानातल्या आतल्या कपाटाची किल्ली खाली पडली. त्रिंबकने उचलून दिली. ती आमची आहे, म्हणून परत जुडग्यात लावली. तिथेच असते.