येते हं

विश्रांतवाडी,
शनिवार

प्रिय रशीदा,

तुझं गाणं ऐकलं. ऐकलं म्हणजे काय, मंगळवारपासून दुसरं काही केलेलं नाही. दुकानात एक अ‍ॅम्प्लिफायर उघडून ठेवलाय. त्याच्यासमोर बसतो, उठतो, दारापर्यंत जातो, परत येऊन बसतो. गिऱ्हाईक विचारतं कधी मिळेल, तर मला आठवतच नाही त्यात बिघाड काय होता.

आधी माझी तक्रार ऐक. आमचं कॅसेटच्या जमान्यातलं गाणं नव्याने गायलंस खरं, पण माझा ऑक्टोपॅड काढलास, ट्रंपेट काढलंस, कोरसच्या पोरी काढल्यास. उरलं काय? एक गिटार आणि तू. तीही अशी वाजवतेस की जणू शेजारच्या खोलीत कुणी आजारी आहे. खरं सांगायचं तर दिगंबरकाकांनी गाणं लिहिलं तेव्हा ते संथच होतं. बहिणीची पाठवणी करून आलेला माणूस दुसरं काय लिहिणार! पण कॅसेटवाले म्हणाले, लग्नसराईत रडगाणं कोण विकत घेतं? मग मी त्याला असा ठेका लावला की विहिणीसुद्धा पदर खोचून नाचल्या. लोकांच्या कानात राहिलं ते एवढंच, 'येते हं, मी येते'. पुण्यातल्या कार्यालयांत नवरी हॉलमध्ये शिरली की बँडवाले हेच वाजवायचे. येते म्हणजे येतेय, असाच सगळ्यांचा समज. घरातून निघालेली पोर निरोप घेतेय, हे नाचणाऱ्यांना कुठून कळणार? दिगंबरकाका एका लग्नात म्हणाले होते, नवरी आत येताना तिला निरोप देणारं हे एकमेव शहर असावं. आणि पंगतीत जाऊन बसले.

तू ठेका काढलास आणि शब्द उघडे पडले. 'उंबऱ्यावर पाऊल माझं, मागे वळून पाहू का' अशी ओळ त्यात आहे, हे मीच विसरलो होतो. 'येते हं'च्या आधी तू जरा थांबतेस ना, तेवढंच मी मागे नेऊन पुन्हा पुन्हा ऐकतो. दिगंबरकाकांचा फोन आला. गाणं आज ऐकू आलं म्हणाले, आणि फोन ठेवला.

पण शेवटच्या ओळीत तू 'येते' म्हटलंच नाहीस. 'जाते' म्हटलंस. आधी वाटलं माझे कान गेले. मोबाइल कानाला लावून पुन्हा ऐकलं. जातेच. आपल्या घरात मराठीत बोला नाहीतर हिंदीत, दारातून निघताना 'येते' म्हणायचं नाहीतर 'आती हूँ'. लहानपणी एकदा शाळेच्या रिक्षात बसताना तू 'जाते' म्हणालीस, तर दादीने तुला खाली उतरवून, पाणी पाजून, नीट म्हणायला लावलं होतं. रिक्षावाला बोंबलत राहिला. तू ते विसरणारी नाहीस, आणि शब्द चुकणारी तर नाहीसच.

काल हेमा तिचा स्पीकर दुरुस्तीला घेऊन खराडीहून आली. एका घरात राहता तुम्ही दोघी, तिला वाटलं आम्हाला ठाऊक असेलच. रशीदाचं कॅनडाचं नक्की झालं, आता ती तिकडेच राहणार, तुम्ही एअरपोर्टवर याल ना, असं विचारत होती. मी म्हटलं, येणार ना, जणू तिकीट मीच काढून दिलंय. तिला रागावू नकोस. भर एप्रिलात तू अम्मीचा स्वेटर का मागून नेलास, ते मला तेव्हा कळलं. राग आला, खूप आला. मग तो ओसरला आणि नुसतं वाईट वाटत राहिलं.

अम्मीला यातलं काही माहीत नाही. तिने तुझं गाणं पुरतं ऐकलेलंच नाही, मी ऐकू देत नाही. शेवट जवळ आला की उठतो. कधी म्हणतो गॅस चालू राहिला, कधी बॅटरी संपली म्हणून तिच्या हातातून मोबाइल घेतो. काल तर बाहेर कुणी नसताना, कोण आहे, म्हणून ओरडलो. ती वैतागते, अहो तुमचं हे चाललंय काय म्हणते. तिला वाटतं, गाणं 'येते हं'वरच संपतं. इतकं संथ ऐकूनही तिला त्यात तू घरी येतानाच दिसतेस. गल्लीभर सांगत फिरते, माझी पोर घरी यायचं गाणं गातेय म्हणून.

उद्या दुपारी हमीदाखाला बहिणीला भेटायला येतेय. तिच्या जावयाने गाणं मोठ्या स्पीकरवर लावायचं ठरवलंय. फोनवर हे सांगता येत नाही, अम्मी शेजारीच असते, आणि फोनवर 'जेवलीस का'च्या पुढे मी कधी गेलोय? म्हणून लिहायला बसलो. हेमा संध्याकाळी स्पीकर न्यायला येईल, तिच्या हाती हे देतो. तू जा, बेटा. मी अडवणार नाही. पण उद्या खालाच्या आधी पोहोच आणि अम्मीजवळ बसून तूच तिला सांग. सगळ्यांसमोर ती ओळ तिच्या कानावर पडावी आणि मी गॅस बघायला उठावं, हे आता माझ्याच्याने होणार नाही.

तुझाच,
अब्बा