सरजाबाईच्या ओठांवरची बासरी

अहमदपूर,
२ ऑगस्ट १९८७

चि. रेणुकादास,

मी बरी आहे, गुडघे बरे नाहीत, पाऊस नाही. आशीर्वाद शेवटी लिहीन, तोवर उरला तर.

तुझं निमंत्रण मिळालं. लातूर जिल्ह्याचा पाचवा वाढदिवस, त्यात तुझा दुष्काळावरचा माहितीपट, आणि पहिल्या रांगेत आत्या. दिल्लीच्या पदकाबद्दल अभिनंदन राहिलंच होतं. राहू दे.

फिल्म मी गेल्या महिन्यात नांदेडला पाहिली. तुला कळवलं नाही. भेगाळलेली जमीन अशी देखणी, की फ्रेम करून दिवाणखान्यात लावावी. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

सरजाबाईही दिसली. चाकूरजवळच्या तिच्या गावात टँकर विहिरीत रिकामा होतो आणि बौद्धवाड्यातल्या बायका घागरी घेऊन लांब बसतात. विहिरीवरच्या कुणाला दया आली तर तो त्यांच्या घागरीत वरून ओततो. हे दाखवायला मीच तुला नेलं होतं. ती कॅमेऱ्यात बघून बोलली, आठवतं?

"पानी सरकारचं हाय, पाटलाच्या बापाचं न्हाई. उद्यापासून आमी आमच्या हातानं शेंदनार."

तू माझा हात दाबलास. म्हणालास, "आत्या, माझी फिल्म झाली."

त्या फिल्ममध्ये आता तिचे ओठ हलतात आणि बासरी वाजते. मग एक मधाळ पुणेरी आवाज सांगतो, मराठवाड्याची स्त्री सोशिक आहे. सोशिक! सरकारी साहेबांनी कापायला लावलं, की कुणी सांगायच्या आधीच तू कात्री उचललीस?

सरजाबाई बाजारात भेटते. त्या बोलण्यानंतर गावानं ओतणंही बंद केलं. आता ती लांबच्या मळ्यातून पाणी आणते. तरी हसून विचारते, "हावो बाई, माझं बोलनं आलं का तितं? मंत्र्यानं आयकलं असल की!"

मी म्हणते, अजून यायचंय. आणि वांगी निवडत बसते.

आमच्या कॉन्व्हेंटमध्ये खोटं बोलणाऱ्या मुलीला मदर साऱ्या वर्गासमोर उभं करायच्या. या वयात मला उभं राहायचं नाही. कार्यक्रमाला मी तिला घेऊन येते. माझ्या खुर्चीवर ती बसेल, शेजारी तू. कापलेला तुकडा जपला असशील तर जोडून आण. नसेल, तर बासरी सुरू होताच मी दिवे लावायला सांगेन आणि ती उभी राहून तेच पुन्हा बोलेल. तिला माइक लागत नाही.

आशीर्वाद आत्ता लिहीत नाही. लातूरला बघू.

अजून तरी तुझी आत्या,
गोदावरी