कातरलेला पिचर

सांता लुसिया,
ता. ४ मार्च १९८४

ती. एवारिस्तोदादास,
धाकट्या तेंचाचा शि. सा. न. वि. वि.

ग्वादालुपे मातेच्या कृपेने आम्ही इथे खुशाल आहोत, माझा गुडघा सोडून. तुझी सूनबाई फ्रेस्नोत तुला तिखट खाऊ देत नाही असं कळलं. तिला माझे विशेष आशीर्वाद सांग.

पत्रास कारण की, इथल्या वाचनालयात आपल्या वस्तीच्या बेसबॉलचं प्रदर्शन लावतायत. लहानपणी आपल्याला मजुरांची पोरं म्हणून ज्या दारातून परत पाठवायचे, त्याच दारातून परवा एका मुलीने मला हाताला धरून आत नेलं आणि वर खुर्ची दिली. तिला सगळं ऐकायचं होतं. मग मी काय, सुटलेच. मळेवाले त्यांच्या मैदानाला पाय लावू देत नव्हते, म्हणून तुम्ही नदीच्या कोरड्या पात्रातले धोंडे वेचून मैदान केलंत, ते सांगितलं. पाद्री अन्सेल्मो रविवारची मिस्सा इतकी झपाट्याने उरकायचे की शेवटच्या आमेनला निम्म्या बाप्यांच्या डोक्यावर टोप्या चढलेल्या असायच्या, तेही सांगितलं. आम्ही मुली मक्याच्या पिठाच्या तमालेंची पातेली घेऊन लॉरीत बसायचो आणि उतरेपर्यंत अर्धी तमाले गायब झालेली असायची. चोर कोण, ते मात्र सांगितलं नाही. तुझी अब्रू राखली.

तिला आपल्या लिंबू तोडणाऱ्यांच्या ‘लिमोनेरोस’ संघाचा चाळीस सालचा फोटो हवा आहे, तुम्ही दहाजण लॉरीपुढे उभे आहात तो. आमची प्रत पुरात गेली. आता काय ती तुझ्याचकडे.

आणखी एक. आपला पिचर नियेवेस फार आजारी आहे. छातीचं दुखणं, डॉक्टरांनी उन्हाळ्यापर्यंतची मुदत दिली आहे. त्याची मुलगी आम्पारो सांगत होती, म्हातारा रोज एकच विचारतो, फोटो मिळाला का, आणि त्यात मी आहे का. तुमचं दोघांचं बोलणं नाही हे मला ठाऊक आहे. तरी फोटो लवकर पाठव.

माया आहेच, ती अशीच राहू दे.
तुझी तेंचा

फ्रेस्नो,
ता. १५ मार्च १९८४

चि. तेंचास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र वाचून दोन दिवस मी नदीतल्या मैदानावरच होतो. सून म्हणते, मामंजी एकटेच हसतात. लिंबाच्या काट्यांनी चाळण झालेल्या त्या हातांनी आम्ही काय खेळायचो! नियेवेसचा हात तर असा होता की लिंबू तोडताना माप घ्यायची कडी त्याला कधी लागलीच नाही. बोटांत धरलं की कळायचं, तोडायचं की राहू द्यायचं. बॉलही तसाच धरायचा. तो टाकणार, मी झेलणारा कॅचर. डोळे मिटून हात पुढे केला असता तरी बॉल येऊन बसला असता.

तुला तेव्हा कुणी सांगितलं नसेल, ते आता सांगतो. बाहेरगावी सामना असला की लॉरीमागे दोन्ही वस्त्यांच्या वडीलधाऱ्यांची युनियनची बैठक चालायची. मळेवाल्यांना वाटायचं, चला, खेळतायत बिचारे. बैठक लांबली की नियेवेस मुद्दाम बॉल बाहेर टाकून डाव लांबवायचा. लोक शिव्या घालायचे, हा मान खाली घालून पुन्हा बाहेर टाकायचा. संप उभा राहिला त्यात त्याचा वाटा होता.

म्हणूनच मला त्याला माफ करवत नाही. एकेचाळीसचा संप. चार महिने झाले होते, मळ्याच्या खोल्यांतून आपल्याला हाकलून दिलं होतं, तंबूत चिखल होता, आई तापाने फणफणलेली. आणि एका सकाळी आम्ही रस्त्यावर धरणं धरून उभे असताना समोर मळ्यात लिंबं तोडायच्या शिडीवर कोण, तर नियेवेस. संपफोड्या! आम्ही नऊजणांनी ठरवलं, याचं नाव कुणी घ्यायचं नाही. त्याच आठवड्यात मी आईची शिवणाची कात्री घेऊन फोटोतून त्याला कातरून काढला.

तेव्हा फोटो आहे, पण त्यात नऊ माणसं आणि एक भोक आहे. तसा चालत असेल तर पाठवतो. मात्र खाली नियेवेसचं नाव लागणार असेल तर माझं लावू नका. मरणाऱ्याचं वाईट चिंतू नये हे मलाही कळतं. पण शिडी ती शिडी.

गुडघ्याला गरम मिठाने शेक. मुलांना आशीर्वाद.
तुझा एवारिस्तो

सांता लुसिया,
ता. २२ मार्च १९८४

ती. दादास,
शि. सा. न. वि. वि.

आईने मला ग्वादालुपे मातेची शपथ घातली होती. ती आज मोडते. आई जाऊन बावीस वर्षं झाली, वर भेटेल तेव्हा मी तिची समजूत घालेन.

आईला ताप होता त्या आठवड्यात युनियनच्या स्वयंपाकघरातलं पीठसुद्धा संपलं होतं, हे तुला आठवतं का? नसेल आठवत. कारण त्या शनिवारी संध्याकाळी तू रस्त्यावरून आलास आणि पुढ्यात बीन्सची गरम थाळी आली. चरबीत घोळलेल्या, वर मिरची. तू युनियनच्या बायकांची तारीफ करत जेवलास. दादा, ते भांडं नियेवेसने आणलं होतं. आईचं औषधही त्यानेच आणलं.

घरी आम्पारो तीन महिन्यांची होती आणि त्याची बायको सोलेदाद हिच्या अंगावरचं दूध आटलं होतं, म्हणून तो शिडीवर चढला. पहिल्या आठवड्याच्या मजुरीतून सोलेदादने दोन भांडी शिजवली, एक घरात ठेवलं आणि एक आपल्याकडे दिलं. तो तंबूच्या मागल्या बाजूने आला. आईला म्हणाला, एवारिस्तोला कळू देऊ नका, तो भांडं नदीत फेकेल आणि तुम्ही उपाशी राहाल. खोटं बोलला का? तू फेकलंच असतंस.

जेवण झाल्यावर तू आईकडे कात्री मागितलीस. आईने ती उशाखालून काढून तुझ्या हातात दिली. तेव्हाचा तिचा चेहरा मी अजून विसरलेले नाही. तू फोटोकडे बघत होतास, म्हणून तुला तो दिसला नाही.

मी वीस वर्षांची होते. बोलायला हवं होतं, बोलले नाही. माझाही दोष आहेच. आता तू तुला वाटेल ते कर. आज रागावले आहे, तरी तुझीच आहे.
तेंचा

फ्रेस्नो,
ता. २ मे १९८४

चि. तेंचास अनेक आशीर्वाद.

सुखरूप पोहोचलो. तुझ्या त्या पत्राला मी उत्तर लिहिलं नाही, सरळ तुझ्याकडची बस धरली. लिहायला बसलो असतो तर शाईच वाळली असती. तुझ्या हातचं तिखट खाऊन पोट बिघडलं आणि मन भरलं.

प्रदर्शन तू पाहिलंसच. फोटोखाली नियेवेसचं नाव सगळ्यांत आधी लावायला मीच त्या मुलीला सांगितलं. दुसरीकडून त्याचा चेहरा आणून तिथे चिकटवू का, असं ती विचारत होती. नियेवेस नको म्हणाला. म्हणे, भोक असू दे, नऊ जणांकडे कुणी बघणार नाही आणि माझीच चौकशी करतील. खोड गेली नाही त्याची.

पण त्याच्या खोलीत आमचं काय बोलणं झालं ते तू विचारलं नाहीस. आम्पारोबरोबर बाहेर बसून राहिलीस. समोरासमोर सांगायला मला जमलं नसतं, म्हणून लिहितो.

मला बघून तो म्हणाला, फार उशीर केलास रे, सामना संपत आला. मी त्याचा हात धरला आणि सांगितलं की बीन्सचं मला मार्चमध्ये कळलं, मी त्या खाल्ल्या, पोटभर खाल्ल्या, आणि त्रेचाळीस वर्षं तुला चोरासारखा वागवला. तू ओरडून का सांगितलं नाहीस, असंही विचारलं. तो म्हणाला, सांगितलं असतं तर तू पुन्हा कधी कुणाच्या हातचं खाल्लं नसतंस, आणि शिडीवर तर मी चढलोच होतो, त्यात खोटं काय होतं?

मग तो खोकत खोकत हसला. त्याने सांगितलं, भांडं देऊन तो लगेच गेला नव्हता. मी खातो की उधळतो ते बघायला तंबूंमागच्या झाडांत उभा राहिला होता. मी दुसऱ्यांदा थाळी पुढे केली ते पाहिलं, तेव्हा निश्चिंत होऊन घरी गेला.

कात्री मी त्यानंतर मागितली. तेही त्याला सांगितलं. त्याने हात सोडवून घेतला नाही.

त्याला रोज भेटत जा, आणि माझ्या नावाने थोडा वेळ जास्त बस. तुझा लोभ होता म्हणून हे घडलं.
तुझा एवारिस्तो