रेणू लिफ्टर झाली

जालना,
६ ऑक्टोबर

ती. आप्पांना रेणूचा सा. न. वि. वि.

व्हॉलीबॉलची स्पर्धा होईपर्यंत होस्टेलच्या सगळ्या मुलींचे मोबाईल आमच्या कोच भावना मॅडमच्या कपाटात आहेत, म्हणून हे पत्र. पहाटे मैदानाला चकरा, मग दोरीच्या उड्या. एकीची चूक झाली की सगळ्या टीमला बैठका. माझ्यामुळं सारख्या बैठका पडतात म्हणून अर्पिता मला 'बैठकताई' म्हणते.

खरं दुखणं वेगळंच. मॅडमनी मला लिफ्टर केलं. मी बॉल उचलून द्यायचा, स्मॅश अर्पितानं मारायचा. उंची माझी, टाळ्या तिला! विचारलं तर म्हणाल्या, मारणाऱ्या पुष्कळ मिळतात, कुणाला कसा द्यायचा हे कळणारी मिळत नाही. परतूरच्या स्पर्धेला येऊ नका, आप्पा. बघण्यासारखं काही नाही.

मायला नमस्कार. माया पातळ होऊ देऊ नका.

तुमची रेणू

कुंभार पिंपळगाव,
११ ऑक्टोबर

चि. रेणूस अ. आ.

इकडं सगळं बराबर. मेंढ्या पाटलाच्या रानात बसवून राह्यलो. येऊ नको म्हणतीस, पण पोरगी कसा दणका मारती ते मी साऱ्या गावाला सांगून बसलो. टेम्पो बी ठरला! तुझा करणदादा म्हणतो, लिफ्टर म्हंजे पंगतीतला वाढप्या. त्याला तुझ्या मायनं बिलकुल जेवू घातलं न्हाई.

लेकी, मन लागत नसंल तर कळव. मी न्यायला येतो.

तुझा आप्पा

जालना,
१७ ऑक्टोबर

ती. आप्पांना सा. न. वि. वि.

पत्र वाचून पिशवी भरली होती. त्याच संध्याकाळी सरावात अर्पिताचे स्मॅश सारखे जाळीत. बघितलं, तर ती उडी उशिरा घेत होती. मी बॉल थोडा जास्त उंच दिला आणि तिनं असा हाणला की मॅडमची शिट्टी तोंडातच राहिली! आप्पा, मारला तिनं, पण अंगावर काटा माझ्या आला.

पिशवी रिकामी केली. टेम्पो येऊ द्या.

तुमची रेणू

कुंभार पिंपळगाव,
२७ ऑक्टोबर

चि. रेणूस अ. आ.

तुमची गाडी जल्दी निघाली, धड बोलणं झालं न्हाई, म्हणून लिहितो. भोकरदनच्या पोरींनी घाम काढला. शेवटच्या सेटला अर्पितानं दोनदा जाळीत मारला, तवा आपला सारा टेम्पो वरडून राह्यलता, रेणू, तूच टाक! तू तरी बी तिलाच दिला, अन् तिनं हाणला तो थेट जमिनीत. जिंकल्यावर पोरींनी तिला खांद्यावर घेतलं. कचरूभाऊ मला म्हणला, धुळाजी, तुझ्या पोरीनं काय केलं मंग?

त्याला काय सांगू? समदे बॉलकडं बघत होते, मी तुझ्याकडं. अर्पिताचा हात उठायच्या आधीच तू हसली होतीस.

जिवाला जप.

तुझा आप्पा