कवळीखालची गोळी

३ फेब्रुवारी, सकाळ
नाश्त्याला दलिया. पोस्टर चिकटवायची खळ याहून चवदार असेल. बाथरूममधला मग साखळीने बांधलेला, वास मात्र मोकळा फिरतो. शी.
मी इथे विश्रांतीला आहे. चार रात्री झोपलो नाही आणि सीतापुऱ्यातल्या आपल्या रजईच्या कारखान्यासाठी दोन हत्ती ठरवले, एवढ्यावरून बायकोने, मधुवंतीने, सरळ मेंटल हॉस्पिटल गाठलं. जाहिरात नको? सांगलीहून इकडे हिंदी मुलखात एका पिशवीनिशी आलेला माणूस उगाच मोठा झाला का?
१६ला उत्कर्षाचा साखरपुडा. मुलीचा बाप इथे, शोभतं का? डॉक्टर म्हणाले, नीट झोप लागली की घरी. ठरलं. झोपायचं. पण गोळ्या न घेता.

४ फेब्रुवारी
सिस्टर म्हणते, अंकलजी, मुँह खोलो, जीभ ऊपर. खुशाल बघ. गोळी वरच्या कवळीखाली.

६ फेब्रुवारी
झोप शून्य. डोकं मात्र फर्स्टक्लास. वॉर्डसाठी योजना तयार: दलिया बंद, कांदेपोहे सुरू, पलीकडच्या खाटेवरच्या जनार्दनजींनी पायाची नखं खाटेवर कापू नयेत. पहाटे सगळ्यांना उठवून समजावलं. जनार्दनजी म्हणाले, भाईसाब, पागल तो हम हैं, हमें तो सोने दो. कृतघ्न.

७ फेब्रुवारी
कवळी दलियात पडली. वॉर्डबॉय पवनने उचलली, उलटसुलट बघितली, हसला. कवळीची क्वालिटी आवडली असणार. आत चिकटलेली गोळी काही त्याला दिसली नसावी.

८ फेब्रुवारी
राउंडला पोटाची तक्रार केली. डॉक्टर बराच वेळ काहीतरी समजावत होते, मी हो हो म्हणत होतो. लक्ष दाराशी, पवन सिस्टरला काय सांगतोय तिकडे. माझे कान तिखट.
नवी गोळी मिळाली. गोडसर, जिभेवर ठेवताच विरघळते. पचनाची. दलियावर उतारा मागितला, मिळाला.

१२ फेब्रुवारी
रोज गाढ झोप. तीही गोळ्यांशिवाय. याला म्हणतात विलपॉवर. मधुवंतीला सांगून हत्ती रद्द केले. लिदीचा विचार मनात आला. किळस.

१४ फेब्रुवारी
डिस्चार्ज. मधुवंती न्यायला आली. बाहेर सिस्टर तिला म्हणाली, भाभीजी, नींद की दवा बदली, मुँह में घुलनेवाली दी, तब जाकर सोये. डॉक्टरसाब ने खुद समझाया था इन्हें.
मधुवंती म्हणाली, इन्हें सुनाई सब देता है, सुनते कुछ नहीं.
दलियाची चव अचानक परत तोंडात आली.

१६ फेब्रुवारी
साखरपुडा. पंगतीत मधुवंतीने गुपचूप गोळी हातावर ठेवली. मी मुकाट्याने जिभेवर ठेवली. मग सवयीने, व्याह्यांसमोर, आ करून जीभ वर केली.
व्याही म्हणाले, कवळी छान बसलीये.