खटपट्यांचा सातवा भाग

सावली, १२ नोव्हेंबर २००२
घुग्घुसच्या कोळशाच्या धुळीतून सुटलो एकदाचा! शाळेत रुजू झालो. खोलीही झकास; खिडकीतून धानाचे पुंजणे, कापलेल्या पेंढ्यांचे ढीग, दिसतात. घरमालकीण नीलाबाई. त्यांचे यजमान लच्छूभाऊ गावात व्हिडिओ चालवायचे, दोन वर्षांपूर्वी गेले. त्यांची पेटी नीलाबाईंनी मला दिली; आत खजिनाच सापडला. 'खटपटे मंडळी' या विनोदी मालिकेचे भाग, सोळा वर्षांपूर्वी टीव्हीवरून टेपवर उतरवलेले, अख्खे! पुढे पुन्हा दाखवताना कापलेले सगळे प्रसंग त्यात आहेत. आम्ही आठ-दहा वेडे पत्रापत्रीतून हेच तुकडे जुळवतोय. रुपाली असती तर नाचली असती. गेल्या वर्षी तापानं गेली. लग्नानंतर आम्ही पहिल्यांदा मोकळेपणी हसलो ते हीच मालिका बघताना.

१५ नोव्हेंबर
सातवा भाग कॉम्प्युटरवर घेतला. असायला हवा पंचवीस मिनिटांचा, भरला अठ्ठावीस. शेवटी खटपटेकाका जिन्यावर नुसते उभे, आणि मागे प्रेक्षकांचं हसू. त्यात एका बाईला हसता हसता उचकी लागते. रुपालीला अशीच लागायची. तीच आहे. शाळेत गेलो नाही.

१६ नोव्हेंबर
तीच टेप, आज एकतीस मिनिटं. नीलाबाईंना बोलावून ऐकवली. त्या पदर तोंडाला लावून बसल्या.
"मास्तर, हे टेप तुमाले द्याले नोती पायजे. याच्यात त्याईले त्याईची मेलेली माय ऐकू ये. जेवन सोडलं, झोप सोडली. याच खुर्चीत गेले ते. आता त्याईचाबी आवाज आहे इच्यात. म्हनून तं मी फेकली नाई."
तेवढ्यात टेपमध्ये कुणी पुरुष खोकल्यासारखा हसला. नीलाबाई टीव्हीच्या काचेला हात लावून रडल्या.

१९ नोव्हेंबर
नीलाबाई भात ठेवून जातात. टेप जाळून टाका म्हणतात. त्यांच्या हातूनही झालं नाही, माझ्या कसं होईल? बेचाळीस मिनिटं. जिना रिकामा. रुपाली आता हसत नाही — मला हाक मारते.

२१ नोव्हेंबर
हसणाऱ्यांत नवा आवाज. पुरुषाचा. माझा. मी तर हसलोच नाही —

दुपार
नीलाबाई दार ठोठावताहेत. रुपाली रडतेय. म्हणते, अहो, बंद करा, तुम्ही नका येऊ —
बोट बटणावर आहे. दाबलं तर ती पुन्हा —
दवाखान्यात सोडला होता तिचा हात. या वेळी नाही सोड